सहा पाऊण साडेचार

होडी चिखलात रुतली तेव्हा वल्हं पूर्णिमाच्या हातात होतं, पण रुतवली मीच. हे आधीच सांगून मोकळा होतो, कारण माझ्या पुढ्यात बसलेल्या उकिडवेबाईंनी ते त्याच क्षणी ओळखलं होतं, तेसुद्धा मागे वळून न बघता.

“शंभू, ही साडेदहाची वेळ कोणी ठरवली?”

“मी.”

“कशावरून?”

कशावरून ते सांगतो. मी मूळचा दारव्ह्याचा, जिल्हा यवतमाळ. आमच्याकडे भरती म्हणजे पोलीस भरती. ती मी दोनदा दिली आणि दोन्ही वेळा छातीत कमी भरलो. नदीचे आमच्याकडे दोनच प्रकार: पाणी असलेली आणि पाणी नसलेली. दिवसातून दोनदा येते आणि दोनदा जाते अशी एकच वस्तू आम्हाला ठाऊक, ती म्हणजे लाइट. त्यामुळे कोथरूडच्या ज्या सहल कंपनीत मी तीन वर्षं आहे, तिच्या मालकांनी ‘कांदळवन कनू सफर, पुण्याहून एका दिवसात’ माझ्या गळ्यात मारली, तेव्हा मी खाडीकाठच्या पूर्णिमा चोगल्यांना फोन लावून विचारलं, “रविवारी साडेदहाला जमेल?” त्या म्हणाल्या, “साडेदहाला पूर्ण ओहोटी असेल.” मी म्हणालो, “उत्तम.”

माझा विचार सरळ होता. गाडीत अकरा जण, सगळे साठीच्या पुढचे. पाणी जितकं कमी, तितकी बुडायची भीती कमी. मालकांनाही तो विचार फार आवडला. मालक सोलापूरचे.

त्या सकाळी धक्क्यावर पूर्णिमा पुन्हा म्हणाल्या होत्या, “दादा, दोन तास थांबा.” मी त्यांना छापील पत्रक दाखवलं. साडेदहा सफर, एक जेवण, तीनला परत. “मधोमध थोडं पाणी आहे ना? तेवढं पुरे.” त्यांनी माझ्याकडे नव्या जावयाकडे बघावं तसं बघितलं. म्हणजे चुकतंय हे दिसतंय, पण बोलायचं कसं. मग त्यांनी पहिली होडी सोडली. त्यात त्या, मी आणि उकिडवेबाई. दोनशे पावलं गेलो असू, बुडाखालून चुबुक असा आवाज आला आणि राखीव कांदळवनाची सफर संपली.

धक्क्यावर बाकीचे दहा जण रांगेने उभे होते. त्यांतले श्रीधर परचुरे, निवृत्त बँक अधिकारी, यांनी पत्रक हातात पडल्या दिवसापासून कनू हे वल्ह्याच्या होडीचं इंग्रजी नाव हे माहीत असूनही “हा कनू कोण?” हा एकच प्रश्न लावून धरला होता. ते ओरडले, “अहो, कनू दमला का?”

पूर्णिमांनी वल्हं उभं चिखलात खुपसलं. निम्मं आत गेलं. “उतरायचं नाय कोणी. कमरेपर्यंत जाल. मग तुम्हाला काढायला दुसरी होडी रुतवायला लागेल.”

“किती वेळ?” बाईंनी विचारलं.

“पाणी आत्ताच वळलंय. दीड तास, दोन तास.”

बाईंनी घड्याळ बघितलं, पुढे खाडीच्या वळणाकडे बघितलं, परत घड्याळ बघितलं. उजव्या हाताची पहिली दोन बोटं गुडघ्यावर काहीतरी गिरवत होती. ती बोटं मी पुण्यातच पाहिली होती.

*

प्रेमला उकिडवे पहिल्यांदा आमच्या ऑफिसात आल्या तेव्हा बसल्या नाहीत. दुसऱ्यांदा आल्या, तेव्हाही नाहीत. आडनाव उकिडवे आणि बाई सतत उभी, हा विनोद मला पहिल्याच दिवशी सुचला होता आणि पहिल्याच दिवशी मी तो गिळला होता, कारण बाईंचं वय सदुसष्ट आणि नजर परीक्षा घेणाऱ्याची.

आमचं ऑफिस पहिल्या मजल्यावर, खाली गणिताचा क्लास. बाई जिना चढून आल्या, टेबलावरचं पत्रक उचललं आणि मी स्वतः काढलेल्या नकाशावर बोट ठेवलं.

“यात उत्तर कुठे आहे?”

“कशाचं उत्तर, काकू?”

“दिशा. उत्तर दिशा. बाण लागतो नकाशात. आणि मी आपली काकू नाही.”

मी पेनाने बाण काढला. त्यांनी तो खोडून बरोबर दिशेला काढला. मग विचारलं, “खाडीत आत कुठपर्यंत नेता?”

“सुरक्षित अंतरापर्यंत.”

“म्हणजे किती मीटर?”

हे मला कसं ठाऊक असणार? मी म्हणालो, पहिल्या वळणाच्या पुढे जातो. त्यावर बाईंची बोटं पर्सच्या पट्ट्यावर चालू झाली. डावीकडे, थोडं खाली, परत डावीकडे, मग एक झटका. एका जागी येऊन ती थांबायची आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हायची. मला वाटलं, कंपवात असेल. आमच्या गावात एका गुरुजींना होता.

तिसऱ्यांदा आल्या त्या पैसे भरायला. तेव्हा एवढंच विचारलं, “पाणी असेल ना?”

“भरपूर,” मी म्हणालो.

हे ‘भरपूर’ मला पुढे फार महागात पडलं. रविवारी पहाटे पाचला कोथरूडच्या डेपोजवळ गाडीत चढताना बाईंचा मुलगा आमोद त्यांना सोडायला आला होता. हे बाणेरला राहणारे गृहस्थ मला बाजूला घेऊन म्हणाले, “आईला कुठे न्यायचं म्हटलं की नको म्हणते. काशी नको, केरळ नको. ही चिखलाची ट्रिप मात्र स्वतः शोधून काढली. तुम्हाला काही बोलली का?”

“उत्तर कुठे आहे, विचारलं.”

“हो, ते सगळ्यांना विचारते,” आमोद म्हणाले.

ताम्हिणी उतरेपर्यंत गाडीतल्या दहा जणांनी गाण्यांच्या भेंड्या खेळल्या. बाई खिडकीच्या काचेवर बोटाने गिरवत होत्या. काचेवर दव होतं म्हणून मला पहिल्यांदा कळलं, की तो कंपवात नव्हता. ती एक खाडी होती. वळणं, काठ, दोन बेटं. एका वळणाच्या अलीकडे बोट थांबलं, तिथे त्यांनी ओठ आवळले आणि तळव्याने सगळी काच पुसून टाकली.

*

तर आता आम्ही तिघं चिखलात. भोवती झाडांची मुळं जमिनीतून पेन्सिलींसारखी वर आलेली. चिखलावर निवटे टुणटुण उड्या मारत होते. मासा असून पाण्याबाहेर उड्या मारतो, हे बघून मला माझीच आठवण झाली, पण ते मी बोललो नाही.

दहा मिनिटांनी बाई म्हणाल्या, “शंभू, तू मला भरपूर म्हणाला होतास.” म्हणजे ‘आपण’वरून आम्ही थेट ‘तू’वर उतरलो होतो. चिखलाचा हा एक फायदा.

“चुकलं माझं.”

“ते दिसतंय. तीनला परत निघायचंय?”

“हो.”

“मग मला दिसणार नाही,” त्या म्हणाल्या आणि उभ्या राहायला गेल्या. होडी डचमळली.

“बसा हो बाई!” पूर्णिमा ओरडल्या. “काय दिसायचंय तुम्हाला एवढं?”

तेव्हा बाई बोलल्या. त्या तासाभरात मला जेवढं कळलं तेवढं त्यांच्या मुलालाही ठाऊक नव्हतं, हे नंतर समजलं.

उकिडवेबाई चौतीस वर्षं पुण्यातल्या एका सरकारी नकाशा कचेरीत अनुरेखक होत्या. अनुरेखक म्हणजे जुन्या नकाशावर पारदर्शक कागद ठेवून त्यावरून शाईने रेघ ओढणारा माणूस. आता ते काम कॉम्प्युटर करतो. तेव्हा उत्तरेच्या खिडक्यांची एक लांब खोली, अकरा उतरती टेबलं आणि त्यांवर ओणवी झालेली अकरा माणसं, त्यांत तीन बायका. घाम कागदावर पडू नये म्हणून मनगटाखाली रुमाल. मे महिन्यातही पंखा बंद, कारण कागद उडतो. चूक झाली तर अर्ध्या ब्लेडने शाई खरवडायची, नखाने कागद घोटायचा आणि पुन्हा ओढायची.

“कोकणातल्या बावीस खाड्या माझ्या हातच्या आहेत,” बाई म्हणाल्या. “समुद्र मी पहिल्यांदा पाहिला तो मुलगा मोठा झाल्यावर, गणपतीपुळ्याला.”

“आणि ही खाडी?” मी विचारलं.

“ही आठवी. साल चौऱ्याण्णव.”

मूळ नकाशा घड्या पडून पडून जीर्ण झालेला. वळणाच्या अलीकडे, डाव्या काठाला, एक बारीक रेघ आत जात होती. जेमतेम दीड सेंटिमीटर. आणि नेमकी तिथूनच कागदाची एक घडीही गेली होती. ही रेघ खाडीचा फाटा आहे, की घडीत बसलेली धूळ?

“विचारायचं कोणाला तरी,” मी म्हणालो.

“वर सर्वेक्षणवाले साहेब होते. त्यांना काहीही विचारलं की म्हणायचे, ‘बाई, रेघ दिसली की ओढायची. विचार करायचं काम आमचं.’ सगळ्यांसमोर म्हणायचे. त्या दिवशी आमोदला ताप होता, मला चारला निघायचं होतं. जिना चढून ते ऐकून यायची इच्छा झाली नाही. मग मी विचार केला. एकदाच केला, चौतीस वर्षांत. घडीच आहे असं मीच ठरवलं आणि सोडून दिली.”

“मग मूळ नकाशा बघायचा ना परत.”

“तो चार वर्षांनी रद्दीत काढला. नवा आहे ना, म्हणाले. नवा म्हणजे माझा. ओढलेली रेघ खरवडता येते रे. न ओढलेलीचं काय करायचं?”

मी मोबाइल काढला. वरून काढलेले फोटो हल्ली सगळे दिसतात, असं काहीतरी शहाणपणाचं बोलायला लागलो. बाईंनी हातानेच थांबवलं. “आमोदच्या कॉम्प्युटरवर सहा महिने बघतेय. झाडांचे शेंडे एकमेकांत गेलेत. वरून नुसतं हिरवं. खाली पाणी आहे की नाही ते पाण्यातूनच जाऊन बघायला लागेल, एवढं कळलं. तेवढ्यात तुझं पत्रक हातात पडलं. उत्तर नसलेलं.”

पूर्णिमांनी एव्हाना वल्हं आडवं मांडीवर घेतलं होतं. त्यांनी विचारलं, “वळणाच्या अलीकडे म्हणजे जुन्या दगडी धक्क्याच्या वरच्या अंगाला?”

“धक्क्यापासून साधारण शंभर मीटर.”

पूर्णिमांनी मान वळवून त्या बाजूला बघितलं. मग एवढंच म्हणाल्या, “आत्ता तिथे नुसता गाळ. पूर्ण भरतीला दाखवते.”

“पूर्ण भरती किती वाजता?”

“आज काय, षष्ठी ना? तिथीची पाऊणपट करायची. जेवढी तिथी, तिची पाऊणपट, तेवढे वाजता पाणी भरतं. माझी आई बोटं मोडून करायची, मी पण तशीच...” त्या बोटं धरायला लागल्या.

“सहा पाऊण साडेचार,” बाई म्हणाल्या. गणित केल्यासारख्या नाही, नाव विचारल्यावर सांगावं तशा.

“हां, साडेचार.”

“हे काय होतं?” मी विचारलं.

बाई त्या दिवशी पहिल्यांदा मागे वळल्या. “पाऊणकी. पाढा. एक पाऊण पाऊण, दोन पाऊण दीड, तीन पाऊण सव्वादोन, चार पाऊण तीन. तुला येत नाही?”

“आम्हाला तीसपर्यंत साधे पाढे होते.”

“आणि तू तिथी न बघता माणसं पाण्यात घालतोस.” त्या पुन्हा पुढे वळल्या. “दंड. पंधरापर्यंत पाऊणकी पाठ करायची आणि मला म्हणून दाखवायची. तिथ्या पंधरा आहेत म्हणून पंधरापर्यंत. तोवर तुझी ही चूक माझ्याकडे जमा.”

मी हो म्हणालो. चिखलात बसलेला माणूस कशालाही हो म्हणतो.

*

साडेबाराला होडी आपोआप हलली. कोणी काही केलं नाही, पाण्याने उचलली. जेवायला गेलो तेव्हा मला एकच घोर होता. साडेचारला भरती आणि तीनला गाडी. आमचा चालक बद्रीनाथ हा माणूस देवाला घाबरत नाही, फक्त ताम्हिणीतल्या धुक्याला घाबरतो. तो तांदळाची भाकरी मोडता मोडता म्हणाला, “शंभूभाऊ, तीन म्हणजे तीन. अंधाराच्या आत घाट चढायचा.”

दहा जणांचं म्हणणं वेगळं होतं. त्यांची तर अजून सफरच झाली नव्हती. दोन वाजता होडीपुरतं पाणी झालंच असतं. तासभर फिरावं, फोटो काढावेत, तीनला बसावं, असं सगळ्यांनी ठरवूनही टाकलं. बाई ताटातला भात चिवडत होत्या. बोटं भातातही गिरवत होती. डावीकडे, खाली, डावीकडे. त्या कोणाला काही सांगणार नाहीत हे मला दिसत होतं. चूक एका तिऱ्हाईताला चिखलात सांगता येते. दहा पुणेकरांना जेवणाच्या पंगतीत नाही.

म्हणून मी उभा राहिलो. खोटं बोलायचं नाही एवढं ठरवलं होतं. “एक सांगायचं होतं. दोन वाजता जे पाणी असेल ते अर्धं असेल. पूर्ण भरती षष्ठीला असते... सहा...” आणि अडकलो.

“सहा पाऊण साडेचार,” श्रीधर परचुरे म्हणाले.

“साडेचार,” त्यांच्या पत्नी कुसुमताई म्हणाल्या.

कोपऱ्यातून एक आजोबा म्हणाले, “सात पाऊण सव्वापाच,” आणि कोणीतरी “आठ पाऊण सहा” लावलं. बघता बघता पडवीतले दहाच्या दहा जण सूर लावून पाऊणकी म्हणायला लागले. जेवण वाढणाऱ्या बायका भांडी हातात धरून बघत राहिल्या. नवावर दोघांचं भांडण झालं, पावणेसात की साडेसहा. उकिडवेबाई खाली मान घालून म्हणाल्या, “पावणेसात,” आणि भांडण मिटलं. सगळ्या पडवीत ते न येणारा मी एकटा होतो. बद्रीनाथसुद्धा ओठ हलवत होता.

परचुऱ्यांनी हात धुतले, पुसले आणि माझ्यापुढे येऊन उभे राहिले. “म्हणजे दोन वाजता आपण आम्हाला अर्धी सफर देणार होता?”

“तसं नाही...”

“पैसे पूर्ण घेतलेत ना? मग पूर्ण पैशाला पूर्ण भरती. त्याशिवाय गाडी हलणार नाही.”

आयुष्यात कधी पुणेरी गिऱ्हाइकाच्या पाया पडावंसं वाटणं शक्य नाही, असं मी समजत होतो. त्या दिवशी वाटलं. बद्रीनाथने भाकरीचा शेवटचा तुकडा ठेवला आणि माझ्याकडे बघून मान हलवली. घाटाचं पाप माझ्या माथी.

*

चारला तिन्ही होड्या सुटल्या. तीच खाडी ओळखू येत नव्हती. सकाळी वीतभर वर दिसणारी मुळं पाण्याखाली गेलेली, झाडं कमरेएवढ्या पाण्यात उभी. मागच्या होडीतून परचुरे “कनूऽऽ” अशी हाक मारून प्रतिध्वनी येतो का बघत होते. येत नव्हता.

आमच्या होडीत पूर्णिमा वल्हवत होत्या. जुना दगडी धक्का आला, गेला. बाई मीटर मोजत होत्या, ओठांनी. शंभरावर त्यांनी हात वर केला. पूर्णिमांनी वल्हं थांबवलं.

डाव्या हाताला झाडांची सलग भिंत. फट नाही, काही नाही.

“नाही ना,” मी म्हणालो. मला बरं वाटलं होतं. “घडीच होती, बाई. सुटलात.”

बाई भिंतीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत बघत होत्या आणि पुन्हा पहिल्या टोकाला येत होत्या. पूर्णिमांनी होडीतलं एक पिकलं पान उचललं आणि पाण्यात टाकलं. आम्ही तिघं त्या पानाकडे बघत राहिलो. खाडीचं पाणी वर, पूर्वेकडे चाललं होतं. पान थोडं त्याच्याबरोबर गेलं, मग डावीकडे वळलं आणि सरळ झाडांत शिरून दिसेनासं झालं.

“पाणी कुठे चाललंय?” पूर्णिमांनी विचारलं.

त्यांनी होडीचं तोंड फिरवलं, दोन फांद्या कोपराने सारल्या आणि आम्ही आत होतो. आत एक बोगदा होता. होडी जाईल एवढा, दोन्हीकडून हात लावला तर पानं लागतील एवढा. वर झाडांचे शेंडे एकमेकांत गेलेले. पाणी आवाज न करता आमच्याबरोबर आत येत होतं.

“होडी किती फुटी?” बाईंनी विचारलं.

“चौदा.”

“शंभू, मोज. होडीच्या लांबीएवढं पुढे गेलो की एक.”

मी मोजल्या. अठराव्या होडीला पुढचं टोक दगडांवर आपटलं. आडवा बांध, माणसाने घातलेला. वर शेवाळ, मध्ये सिमेंट.

“अठरा चौदा दोनशे बावन्न,” बाई म्हणाल्या. “म्हणजे सत्त्याहत्तर मीटर. नकाशाचं प्रमाण पाच हजाराला एक. दीड सेंटिमीटर. घडी नव्हती.”

पूर्णिमांनी वल्हं बांधाला टेकवून होडी धरली. “मला सकाळीच कळलेलं तुम्ही कुठला म्हणता ते. याच्या पलीकडे माझ्या मामाचं भातशेत. मी सहावीत होते तेव्हा हा बांध घातला. त्याच्या आधी पावसाचं पाणी इथून खाडीला जायचं. आता तुंबतं, दर वर्षी निम्मं भात कुजतं. मामा दोनदा कचेरीत गेला. ते म्हणाले, नकाशात फाटा दाखवा. नकाशात फाटा नाय.”

“नाही,” बाई म्हणाल्या.

“म्हणजे ते तुम्हीच?”

“मीच.”

मला वाटलं, आता मी काहीतरी बोलायला हवं. सरकारी चूक, साहेबांची चूक, कागद जुना, असं काहीतरी. पण दोघींपैकी कोणीही माझ्याकडे बघत नव्हतं. पाणी बांधाला लागून चुळचुळत होतं. मागून परचुऱ्यांची हाक आली.

पूर्णिमांनी होडी मागे ढकलली. “मग आता काढा,” त्या म्हणाल्या.

बाहेर येईपर्यंत बाईंनी पुन्हा एकदा होड्या मोजल्या, उलट्या. अठराच भरल्या. मी मूर्खासारखं विचारलं, “बरं वाटलं का?”

“बरं कशानं वाटेल? चूक निघाली,” त्या म्हणाल्या. आणि मग पर्समधून माझं ते पत्रक काढून त्याच्या मागच्या कोऱ्या बाजूवर पेन टेकवलं. होडी हलत होती, रेघ वाकडी येत होती. त्यांनी ती खोडली. धक्क्यावर उतरून, दगडावर कागद ठेवून ओढली. तीही खोडली. ताम्हिणीत धुकं लागलं तेव्हा गाडीतला दिवा लावायला सांगून त्या तिसऱ्यांदा ओढत होत्या आणि बद्रीनाथ प्रत्येक वळणाला माझं नाव घेत होता, देवाचं घ्यावं तसं.

*

आता बाई दर मंगळवारी त्या कचेरीत जातात. खडकीहून येणारा एक तरुण तिथे कॉम्प्युटरपाशी बसतो. तो पहिल्या मंगळवारी म्हणाला, “मॅडम, सॅटेलाइटवर काहीच दिसत नाही.” दुसऱ्या मंगळवारी बाईंनी पुराव्यादाखल पूर्णिमाच्या मामांचा अर्ज जोडला. तिसऱ्या मंगळवारी परचुऱ्यांनी सहलीतल्या सगळ्यांच्या सह्या गोळा करून दिल्या, ‘आम्ही पूर्ण भरतीला प्रत्यक्ष होतो’ असं वर लिहून. आत शिरली होती ती आमचीच होडी, पण परचुऱ्यांनी ‘फाट्याच्या तोंडाशी’ असं नेमकं लिहिलं होतं. खोटं त्यांना चालत नाही. ‘मी स्वतः ही रेघ सोडली’ हे बाईंनी अर्जात सहीनिशी लिहिलं आहे. तो तरुण म्हणाला, असं कोणी लिहीत नाही, काढून टाका. बाईंनी विचारलं, “तुमच्या पडद्यावर उत्तर कुठे आहे?” त्याने दाखवलं. म्हणाल्या, “मग ठीक आहे, तुम्हाला जमेल.” अर्ज अजून विचाराधीन आहे.

येताना त्या कधी कधी आमच्या ऑफिसचा जिना चढतात. बसत नाहीत. “कुठवर आलास?” एवढंच विचारतात. मी दहापर्यंत धडाधड म्हणतो. अकरा पाऊण सव्वाआठ, बारा पाऊण नऊ, हेही हल्ली येतं. तेराला मी अडकतो. पावणेदहा की साडेनऊ, ऐनवेळी तोंडात दोन्ही येतात आणि बाई हात वर करून जिना उतरायला लागतात. खालच्या गणिताच्या क्लासला विचारलं, तर तिथल्या सरांनाही येत नव्हतं.

पुढची खाडीची सहल रविवारी आहे. मालकांनी वेळ ठरवायचं काम पुन्हा मलाच दिलं आहे. काल दुपारी बाईंचा निरोप आला, एकाच ओळीचा: ‘रविवारी त्रयोदशी आहे.’

मी तो वाचला, हे त्यांना दोन निळ्या खुणांवरून दिसलंय. उत्तर अजून दिलेलं नाही.